माझ्या नावाने पुसलेल्या फाइली

मला फसवलं ते कुवेतमधल्या महबूल्यात माझ्याच इमारतीत, माझ्या खालच्या मजल्यावर राहणाऱ्या पुण्याच्या इंजिनियरने. मी सुट्टीवर भारतात असताना त्याने माझा पासवर्ड वापरून कंपनीच्या पोर्टलवरचं माझं एक अख्खं फोल्डर पुसलं आणि स्वतःची चूक माझ्या माथी मारली. हे मी सुरुवातीलाच सांगून टाकतो. आजवर ज्यांना ज्यांना ही हकीकत सांगितली त्यांनी शेवटी मान हलवत "प्रत्येक गोष्टीला दोन बाजू असतात" असं मलाच ऐकवलं. या गोष्टीला दुसरी बाजू असेल तर ती त्याने मांडावी. इतक्या वर्षांत मांडलेली नाही.

मी नाशिकचा, त्यातही सातपूरचा. शिक्षण आयटीआय. युद्ध संपून कुवेत पुन्हा उभं राहत होतं त्या दिवसांत शुवैखमधल्या एका गोदामात माल मोजायला म्हणून आलो. शुवैख म्हणजे गॅरेजं, सुटे भाग, नळ-पाइप, लोखंड यांची दुकानंच दुकानं. तिथे मी अरबी शिकलो, आणि शिकलो ते भाव पाडण्यापुरतं. आदबीची वाक्यं नंतर आली. दुकानदाराला आधी त्याच्या पोराबाळांची विचारपूस करायची, मग वस्तू हातात घेऊन गप्प बसायचं, आपण आकडा सांगायचा नाही. तो सांगेल तो ऐकून एकदा उठायचं. दारापर्यंत जायचं. हाक आली तर परतायचं, नाही आली तर खरंच जायचं. मला लोक भांडकुदळ म्हणतात, ते खरं आहे. पण मी भांडून जे वाचवलं ते कंपनीच्या खिशात गेलं. त्याच जोरावर मी मीना अब्दुल्लामधल्या एका कंत्राटी कंपनीत खरेदी विभागात चिकटलो आणि डिग्रीवाल्यांच्या रांगेत टेबल मिळवलं. कोणी ओळखीने बसवलं नाही.

ही कंपनी रिफायनऱ्यांची देखभालीची कामं घ्यायची. माझ्या टेबलामागे एक राखाडी पोलादी कपाट होतं. त्यात सगळं : इंजिनियरांची मागणीपत्रं, दुकानदारांचे दर, फॅक्स, ऑर्डरी. किल्ली माझ्या खिशात. सुट्टीवर जाताना ती किल्ली आपल्या माणसाकडे द्यायची, हा आमच्यातला रिवाज होता. मल्याळी मल्याळ्याला देई, इजिप्तचा मिसरी मिसऱ्याला, मराठी मराठी माणसाला. कंपनीच्या नियमात ती सुट्टीच्या अर्जासोबत ऑफिसात जमा करायची होती, पण तसं कोणी करत नसे, कारण जमा केलेली किल्ली परत मिळवायला महिना गेला असता. कपाट उघडलं गेलं आणि काही हरवलं, तर ज्याच्याकडे किल्ली होती त्याला विचारलं जाई. मूळ मालकाला कोणी दोष देत नसे. हे एवढं ध्यानात ठेवा.

दोन हजार साल उलटून काही वर्षं झाली आणि कंपनीने पोर्टल आणलं. सगळ्यांच्या फाइली एकाच ठिकाणी, प्रत्येकाने आपापल्या टेबलावरून बघायच्या, एकाने टाकलेला कागद दुसऱ्याने उघडायचा, फाइलीखाली शेरे लिहायचे. शिकवायला एक टाय लावलेला लेबनानी आला. साहेबांनी, म्हणजे आमच्या मिसरी मॅनेजरने, फर्मान काढलं की कागद स्कॅन करून चढवा आणि मूळ कागद फाडा, कपाटं परत करा. माझं कपाट दोन हमाल येऊन घेऊन गेले. मला ते आवडलं नव्हतं, पण मी तक्रार करत बसलो नाही. जे हत्यार हातात देतील ते चालवायला शिकायचं, हा माझा स्वभाव. महिन्याभरात विभागात पोर्टल सर्वांत नीट माझं होतं. प्रत्येक कामाचं वेगळं फोल्डर, आणि मला मागणीपत्रात काही शंका आली की मी ती फाइलीखालीच शेऱ्यात विचारत असे, म्हणजे उत्तरही तिथेच राहील. तोंडी "हो" वर मी कधी माल घेतला नाही.

पुण्याचा हा इंजिनियर त्याच सुमारास कंपनीत आला. नामांकित कॉलेजची डिग्री, माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी लहान, बोलणं गुळगुळीत. कुठल्या कामाला काय सामान लागेल ते ठरवून मागणीपत्र काढायचं काम त्याचं, आणि ते घ्यायचं काम माझं. आमची मंडळी एकमेकींकडे जात-येत. शुक्रवारी कधी त्यांच्याकडे वरणभात, कधी आमच्याकडे मटण. ते लोक मटण खात नाहीत असं वहिनी सांगायच्या आणि इंजिनियरसाहेब दोनदा वाढून घ्यायचे. तो मला "नाशिककर" म्हणायचा, मी त्याला "पुणेकर". कुवेतमध्ये गावाच्या नावाने हाक मारली की माणूस जवळचा वाटतो. मलाही वाटला.

त्या वर्षी रिफायनरीत मोठं शटडाउन होतं. शटडाउन म्हणजे कारखान्याचा एक भाग बंद ठेवून ठरल्या मुदतीत दुरुस्ती उरकायची. एक दिवस उशीर झाला तरी कंत्राटदाराच्या बोकांडी दंड बसतो. त्यासाठी पुणेकराने गॅस्केटची मागणी काढली होती. दोन पाइपांच्या सांध्यात गळती होऊ नये म्हणून बसवतात त्या चकत्या. मागणीत त्याने दीडशे क्लास लिहिला होता, म्हणजे कमी दाबाच्या लाइनीसाठीचा. त्याच लाइनीला मागच्या वेळी मी तीनशे क्लासच्या घेतल्या होत्या, म्हणून मी फाइलीखाली शेरा टाकला की क्लास एकदा तपासून घ्या, मागच्या वेळी तीनशे होता. त्याने खाली उत्तर टाकलं : तपासला, बरोबर आहे, ऑर्डर द्या. मी ऑर्डर दिली, भाव पाडला, आणि सुट्टीचा अर्ज भरला.

मीना अब्दुल्लाहून परतताना आम्ही त्याच्याच गाडीतून येत असू. सुट्टीला निघायच्या आदल्या आठवड्यात गाडीत विषय निघाला की मी नसताना कोणी माझं फोल्डर बघायचं. नियमाने आयटी विभागाकडे अर्ज करून दुसऱ्याला परवानगी मिळवायची होती. त्या अर्जावर तीन सह्या लागत आणि माणूस सुट्टीवरून परत आला तरी अर्ज फिरतच असे. म्हणून सगळे जे करत तेच मी केलं. मी त्याला पासवर्ड सांगितला.

तो हसत सुटला. "वहिनींचं नाव आणि पुढे लग्नाचं साल? अहो नाशिककर, बाजारात तुमच्याकडून कोणी एक फिल्स जास्त काढू शकत नाही, आणि तिजोरीला हे कुलूप?"

"कुलूप चोरासाठी असतं, पुणेकर. तुम्ही कुठे चोर आहात," मी म्हणालो.

निघताना त्याने त्याच्या आईसाठी पार्सल दिलं. कुवेतहून जाणाऱ्याच्या बॅगेत निम्मं सामान दुसऱ्याचं असतं, त्यात नवल नाही. बदाम, दुधाच्या पावडरचे डबे, गुडघ्याला बांधायचा पट्टा. मी नाशिकला उतरलो, नातेवाईक उरकले, आणि एक दिवस खास एसटीने पुण्याला जाऊन कर्वेनगरला ते पार्सल पोचवलं. म्हातारीने पोहे केले. पट्टा तिथल्या तिथे बांधून बघितला. मुलाला सांगा तब्येत सांभाळ, आणि तुम्ही तिथे त्याच्याजवळ आहात म्हणून मला काळजी नाही, असं ती म्हणाली. येताना तिने मेतकूट आणि लिंबाचं लोणचं बांधून दिलं. तेही मी वाहून आणलं. त्या बाईविषयी माझी तक्रार नाही.

सुट्टी संपवून कामावर आलो. पोर्टल उघडलं. शटडाउनचं फोल्डर नाही. शोधलं, दुसऱ्या कामांत चुकून सरकलं असेल म्हणून सगळीकडे बघितलं. नाही. तेवढ्यात साहेबांनी आत बोलावलं.

मी नसताना गॅस्केट आल्या होत्या, त्या सांध्यांत नीट बसेनात, आणि योग्य त्या विमानाने मागवाव्या लागल्या होत्या. शटडाउन लांबलं होतं. साहेबांचा समज असा झाला होता की क्लास मी चुकीचा टाकला, आणि चूक लक्षात येताच फोल्डर पुसून पसार झालो. पसार हाच शब्द. पुणेकराने त्यांना सांगितलं होतं की त्याने मागणी तीनशेचीच दिली होती, पण आता ती दाखवायची कुठून, फोल्डरच नाही. साहेबांच्या टेबलावर माझ्या बडतर्फीचं पत्र टाइप होऊन पडलं होतं, सही तेवढी बाकी होती.

कुवेतमध्ये नोकरी जाणं म्हणजे काय ते तिकडे न राहिलेल्याला समजणार नाही. अकामा, म्हणजे राहायचा परवाना, कंपनीच्या नावावर असतो. नोकरी गेली की अकामा गेला, आणि अकामा गेला की बायकोपोरांसकट गाशा गुंडाळायचा. माझी मुलगी त्या वर्षी दहावीला होती. इंग्रजीतच उत्तर देणारी, सातपूरच्या शाळेचं दार न पाहिलेली पोरगी. तिला वर्ष अर्धवट टाकून कुठे नेणार होतो? आणि कुठल्या तोंडाने? चोर ठरून?

मी साहेबांना म्हणालो की आठ दिवस द्या, फोल्डर परत आणतो. ते म्हणाले, पुसलेलं परत येत नाही. मी म्हणालो, येतं की नाही ते मी बघतो, सही तेवढी थांबवा.

तिथून मी सरळ पुणेकराच्या टेबलापाशी गेलो. तो फोनवर होता, त्याने सावकाश बोलणं संपवलं.

"अरे, आलात? आईकडे जाऊन आलात ना? तिचा फोन आला होता."

"फोल्डर कुठाय?"

"कुठलं?"

"पुणेकर, पासवर्ड तुमच्याकडे होता."

"हो, पण मी तुमचं काही उघडलंच नाही," तो म्हणाला. "गरजच पडली नाही. हे बघा, तुम्ही दमून आलायत, प्रवास झालाय. आधी शांत व्हा."

मला शांत व्हा असं म्हटलेलं चालत नाही. मी त्याच्या टेबलावर हात आपटला आणि मराठीत जे बोललो ते इथे लिहीत नाही. आजूबाजूच्या लोकांना भाषा कळली नाही, पण आवाज कळला. तो शांतच राहिला. त्याचा तो शांतपणा माझ्याविरुद्ध पुरावा म्हणून वापरला जाणार आहे, हे मला तेव्हा कळायला हवं होतं.

पुसलेली फाइल आधी आपल्याच कचऱ्याच्या टोपलीत जाते, एवढं मला ठाऊक होतं. ती टोपली उघडली तर तीही रिकामी. म्हणजे पुसणाऱ्याने पुसून टोपलीही रिकामी केली होती. चुकून बोट लागलेला माणूस असं करत नाही. मग मी आयटीच्या माणसाकडे गेलो. हा मंगळूरचा, सदा कंटाळलेला, आमचं बोलणं हिंदीतून. त्याने सांगितलं की आपली टोपली रिकामी केली तरी माल लगेच नष्ट होत नाही, तो मागच्या एका टोपलीत जातो, ती फक्त त्याला दिसते. पुसल्यापासून महिना भरला की तिथूनही जातो, मग देवही आणू शकत नाही. मी म्हणालो, मग आत्ता बघ. तो म्हणाला, मॅनेजरच्या सहीचा अर्ज लागेल. मी म्हणालो, नुसतं बघून सांग आहे की नाही. तो म्हणाला, बघायलाही अर्ज लागतो. त्याला मी चहा पाजला, नाशिकचा चिवडा दिला, त्याच्या गावचा पाऊस विचारला, गप्प बसलो, उठून दारापर्यंत गेलो. हाक आली नाही. शुवैखमधली सगळी विद्या त्या माणसापुढे फुकट गेली, कारण त्याला काही विकायचंच नव्हतं.

राहिले साहेब. ते सही करणार नव्हते, कारण त्यांच्या मते पुसणारा मीच होतो आणि मी वेळ काढत होतो. दिवस जात होते. फोल्डर कधी पुसलं ते मला माहीत नव्हतं. महिना कदाचित उद्या भरेल, कदाचित भरून गेलाही असेल. मग मी विचार केला तो गिऱ्हाइकाचा करतो तसा : या माणसाला काय हवंय? त्याला न्याय नको होता. विमानाने मागवलेल्या गॅस्केटचा खर्च कोणाच्या तरी गळ्यात घालायला हवा होता. मी आत गेलो आणि माझ्या नोकरीबद्दल एक अक्षर न काढता म्हणालो की साहेब, ऑर्डरीचे कागद नसतील तर उद्या पुरवठादाराने काहीही म्हटलं तरी आपल्याला तोंड उघडता येणार नाही. त्याने चुकीचा माल दिला की आपण चुकीचा मागितला, हे त्या फोल्डरशिवाय कोण सांगणार? साहेबांनी टेबलावरचं पत्र बाजूला सरकवलं. मग म्हणाले, अर्ज आण. सही झाली. त्यांनी ती माझ्यासाठी केली नाही, पुरवठादाराला पकडायला केली. मला चालण्यासारखं होतं.

मंगळूरच्या माणसाने अर्ज दोनदा वाचला आणि मागची टोपली उघडली. शेकडो फाइली. माझं फोल्डर त्यात होतं. मी त्याच्या खुर्चीच्या पाठीला धरून उभा होतो. त्याने बोट पडद्यावर टेकवलं आणि तो हसायला लागला.

"भाईसाब, ये तो आपने खुद डिलीट किया है. देखो. आपका नाम."

बघितलं. पुसणाऱ्याच्या रकान्यात माझं नाव होतं, पूर्ण, आडनावासकट. आणि शेजारी तारीख. ती तारीख मी दोनदा वाचली, कारण त्या दिवशी मी कर्वेनगरला बसून पोहे खात होतो. आईच्या गुडघ्याला मी आणलेला पट्टा बांधला जात होता तेव्हा मुलगा इकडे माझं नाव वापरून माझा गळा कापत होता. सकाळची वेळ होती पडद्यावर, आणि त्याची सकाळची वेळ मला ठाऊक आहे : बाकीचे साइटवर जातात तेव्हा तो चहा घेऊन टेबलावर एकटा असतो.

फोल्डर परत आणायला एक बटण दाबावं लागतं. त्याने दाबलं. माझ्या टेबलावर येऊन पाहिलं तर सगळं जागच्या जागी : मागणीपत्र, त्यावर पुणेकराची सही, दीडशेचा क्लास, खाली माझी शंका, त्याखाली त्याचं उत्तर. मला वाटलं, सुटलो. मी आजवर इतके सौदे केले, पण जिंकलोय असं वाटून इतका मूर्ख कधी बनलो नव्हतो.

साहेबांनी दोघांना बोलावलं. फाइल पडद्यावर उघडली. पुणेकराने चष्मा काढून पुसला आणि इंग्रजीत म्हणाला की अच्छा, म्हणजे टाइप करताना त्याच्या हातून राहिलं असणार, शटडाउनच्या घाईत असं होतं, जबाबदारी त्याची आहे. इतकं सोपं. ज्या चुकीसाठी माझी बडतर्फी टाइप झाली होती, ती त्याची ठरताच घाईत होणारी गोष्ट झाली. साहेबांनी मान डोलावली, कारण रिफायनरीचे अधिकारी पुणेकराशिवाय कोणाशी बोलत नसत आणि त्यांना तो हवा होता.

मी विचारलं की मग फोल्डर पुसलं कोणी? साहेब म्हणाले, नाव तुझं आहे. मी म्हणालो, जो कागद मला वाचवतो तो मी कशाला पुसीन? ते म्हणाले, ते तुलाच ठाऊक. मी म्हणालो, हे पोर्टल ऑफिसच्या बाहेरून उघडत नाही, आणि त्या तारखेला मी कुवेतमध्ये नव्हतो. माझा पासपोर्ट आणा.

पासपोर्ट कंपनीच्या मंदूबकडे असतो, म्हणजे सरकारी कचेऱ्यांत फिरणाऱ्या माणसाकडे. तो कुरकुरत घेऊन आला. बाहेर पडल्याचा कुवेतचा शिक्का, मुंबईत उतरल्याचा शिक्का, परतीचे दोन. साहेबांनी पानं उलटून पाहिली, तारीख पडद्याशी ताडली. मला वाटलं, आता ते मान वळवून त्याच्याकडे बघतील. त्यांनी माझ्याकडेच बघितलं आणि विचारलं की मग तुझा पासवर्ड दुसऱ्याकडे कसा गेला?

मी सांगितलं, याला दिला होता. पुणेकर म्हणाला की हो, दिला होता, पण नाशिककर मनमोकळे आहेत, गाडीत मोठ्याने बोलतात, आणखी कोणाकोणाला सांगितला असेल ते तो कसं सांगणार. हे त्याने इतक्या सहानुभूतीने म्हटलं की साहेबांच्या चेहऱ्यावर माझ्याविषयी कीव आली. पासवर्ड देणं हा नियमभंग, त्याची लेखी ताकीद मला. चुकीच्या क्लासची तोंडी समज त्याला. फोल्डर पुसणाऱ्याला काही नाही, कारण पुसणारा कोणी नव्हताच.

कपाटाच्या काळात असं घडलं असतं तर? किल्ली ज्याच्याकडे, जाब त्याला. पोर्टलला तसं कळत नाही. ते फक्त नाव विचारतं, आणि नाव ज्याचं, पाप त्याचं. आम्ही सगळे वर्षानुवर्षं पासवर्ड किल्लीसारखा देत आलो. पण किल्ली दिल्यावर हात दुसऱ्याचा राहतो. पासवर्ड दिला की हातही आपलाच लिहिला जातो. हे मला कळलं तेव्हा ताकीदपत्र समोर होतं आणि साहेब पेन पुढे करत होते.

मी पेन घेतलं नाही. म्हणालो, सही करतो, पण हा माणूस माझ्याकडे बघून सांगू दे की त्याने पुसलं नाही. साहेब कंटाळले होते. त्यांनी हाताने खूण केली, सांगून टाक एकदाचं.

पुणेकर माझ्याकडे वळला आणि मराठीत बोलला, साहेबांना कळू नये म्हणून.

"नाव तुमचं, पासवर्ड तुमचा. म्हणजे पुसलं तुम्हीच. उगाच ताणू नका. मुलीची दहावी आहे ना?"

समोरचा चहाचा कप मी उचलला आणि भिंतीवर मारला. त्याच्यावर मारला नाही, हे मी आजही मोठेपणा म्हणून सांगतो. साहेबांना ऐकू आला तो कप. वाक्य ऐकू आलं नाही. दुसरी ताकीद त्या कपाची. आणि वर असं ठरलं की यापुढे माझ्या प्रत्येक ऑर्डरीवर एका इंजिनियरची सही लागेल. कुठल्या इंजिनियरची, ते सांगायला नको. मुलीची परीक्षा होईपर्यंत मी रोज ऑर्डर घेऊन त्याच्या टेबलापाशी उभा राहिलो, आणि तो रोज चष्मा पुसून ती वाचायचा आणि म्हणायचा, "क्लास नीट बघितलात ना, नाशिककर?"

परीक्षा झाल्यावर मी दुसऱ्या कंपनीत गेलो. पण दोन ताकिदी माझ्या आधी तिथे पोचल्या होत्या. खरेदी विभागात मला कोणी बसवलं नाही. स्टोअरमध्ये माल उतरवून घ्यायला बसवलं. जिथून सुरुवात केली होती तिथेच. आमच्या कुवेतच्या मराठी मंडळातही बातमी फिरली होती, आणि ती अशी की नाशिककराने रागाच्या भरात फायली उडवल्या आणि बिचाऱ्या पुणेकराने सांभाळून घेतलं. गणपतीत आरतीला त्याच्या शेजारी जागा रिकामी असली तरी लोक मला पलीकडे बसवत, भांडण नको म्हणून. माझ्या बायकोने एकदा त्याच्या बायकोला विचारलं की वहिनी, खरं काय ते तुम्हाला माहीत असेल. त्या म्हणाल्या, पुरुषांच्या ऑफिसातलं मी विचारत नाही हो. त्यानंतर जाणं-येणं बंद झालं.

आता तो पुण्याला परतलाय. निवृत्त आहे, मंडळाच्या स्मरणिकेत लेख लिहितो. ताज्या अंकात त्याने लिहिलंय की परदेशात मराठी माणसाने मराठी माणसावर विश्वास टाकायला शिकलं पाहिजे, आणि आमच्या प्रसंगाला त्याने, नाव न घेता, "एक छोटासा गैरसमज" म्हटलंय. तो अंक मला पोस्टाने आला. म्हणून मी हे लिहितोय, नाहीतर हे घेऊन मी मेलो असतो.

गैरसमज दोघांचा असतो, पुणेकर. मला काही गैर समजलेलं नाही. पासवर्ड मी एकाच माणसाला सांगितला होता, आणि त्या सकाळी ऑफिसात तो एकच माणूस होता. आता साहेब मध्ये नाहीत, नोकरीची भीती नाही, माझ्या मुलीची परीक्षा नाही जिचं नाव काढून तुम्ही मला गप्प कराल. तुम्हाला लिहिता येतं, स्मरणिकेत जागाही मिळते. पुढच्या अंकात एक ओळ लिहा, मराठीत, सगळ्यांना कळेल अशी : माझं फोल्डर कोणी पुसलं, आणि टोपली कोणी रिकामी केली? मी पुसलं असं म्हणायचं असेल तर तसं लिहा, खाली सही करा, आणि मी कुवेतमध्ये नसताना ते कसं केलं तेही सांगा. तुम्ही पुसलं असेल तर तेवढं लिहा. पण लिहा. मला उत्तर हवंय, आणि ते तुमच्याकडूनच हवंय.